पुस्तकाची जात विचारणारे आपण

अनोळखी माणूस भेटला की आधी आडनाव विचारायचे. आडनावावरून उलगडा झाला नाही तर गाव विचारायचे. तेवढ्यानेही भागले नाही तर ‘म्हणजे तुम्ही नेमके कोणापैकी?’ असे चाचपडत राहायचे, ही आपली जुनी खोड. पुस्तकाशीही आपण असेच वागतो. हे कशात मोडते? कथा की कादंबरी, ललित की वैचारिक, ग्रामीण की दलित, ‘साहित्य’ की नुसतेच ‘लेखन’? उत्तर मिळाले की ते पुस्तक उघडायचे की नाही, उघडलेच तर किती आदराने, आणि मिटल्यावर किती दिवस लक्षात ठेवायचे, सगळे ठरून जाते. साहित्यप्रकार ही मुळात लिहिणाऱ्यांची सोय. आपण तिची उतरंड केली, आणि त्या उतरंडीला ‘अभिरुची’ असे गोंडस नाव दिले.

एवढेच असते तर अज्ञान म्हणून सोडून देता आले असते. पण हे अज्ञान नाही. यात आपला स्वार्थ आहे. पुस्तकावर प्रकाराची चिठ्ठी चिकटवली की त्या पुस्तकाने विचारलेल्या प्रश्नाला उत्तर देण्याची जबाबदारी आपल्यावरून टळते. झोंबणाऱ्या लेखकाला ‘प्रचारकी’ म्हटले की त्याचे म्हणणे खोडून काढावे लागत नाही. रडवणाऱ्या पुस्तकाला ‘वेदनेचे साहित्य’ म्हटले की वेदना देणारा कोण, हे विचारावे लागत नाही. गाणाऱ्या बाईला ‘लोकपरंपरा’ म्हटले की तिचे नावही विचारावे लागत नाही. हा माझा आरोप आहे, आणि त्याचा पुरावा शोधायला लांब जावे लागत नाही. पनवेल तालुका पुरेसा आहे.

पनवेलला १७ सप्टेंबर १८८५ रोजी केशव सीताराम ठाकरे जन्मले. व्यासपीठावर उभा राहिलेला प्रत्येक वक्ता ‘प्रबोधनकारांची जन्मभूमी’ म्हणून छाती पुढे काढतो. त्यांचे नाव घेत नाही असा पक्ष आज महाराष्ट्रात शोधावा लागेल. आता या माणसाने लिहिले काय ते पाहा. १९१८ मध्ये इतिहासाचार्य राजवाड्यांना उत्तर म्हणून ‘कोदंडाचा टणत्कार’. १९१९ मध्ये ‘ग्रामण्याचा साद्यंत इतिहास’. १६ ऑक्टोबर १९२१ पासून ‘प्रबोधन’ पाक्षिक, ज्याने त्यांना कायमचे नाव दिले. ‘भिक्षुकशाहीचे बंड’, ‘देवळांचा धर्म आणि धर्माची देवळे’. संत एकनाथांवरचे ‘खरा ब्राह्मण’ आणि ‘टाकलेलं पोर’ ही नाटके. गाडगेबाबांचे चरित्र. वक्तृत्वावरचे शास्त्रीय पुस्तक. आणि अखेर ‘माझी जीवनगाथा’. इतिहास, निबंध, पत्रकारिता, नाटक, चरित्र, आत्मचरित्र, शास्त्र: एवढ्या दारांतून ये-जा करणारा गद्यलेखक मराठीत विरळा.

मग तो बसतो कुठे? इतिहासकार म्हणतात, हा इतिहास नव्हे, हा वाद. साहित्याचे प्राध्यापक म्हणतात, ही पत्रकारिता. पत्रकार म्हणतात, हा समाजसुधारक. समाजसुधारकांच्या यादीत तो येतो तेव्हा त्याचे कार्य सांगतात, वाक्य सांगत नाहीत. प्रत्येक जण त्याला पुढच्या दारी पाठवतो. राज्याच्या साहित्य आणि संस्कृती मंडळाने त्यांचे समग्र वाङ्मय खंडशः छापले, हे खरे. छापून झाले की वाचण्याची सक्ती संपते, असे आपण धरून चाललो आहोत.

‘कलेसाठी कला की जीवनासाठी कला’ या वादाची उजळणी मराठीच्या वर्गात वर्षानुवर्षे चालते. ना. सी. फडके एका बाजूला, वि. स. खांडेकर दुसऱ्या बाजूला. दोन्ही बाजूंनी एक गोष्ट न बोलता मान्य केलेली: कला म्हणजे कथा-कादंबरी. जो माणूस त्याच काळात पदरमोड करून छापखान्यात खिळ्यांशी झुंजत होता, ज्याच्या गद्यात बाजारातली बोली, कीर्तनातला उपहास आणि कोर्टातली उलटतपासणी एकाच वाक्यात नांदत होती, त्याला या वादात पक्षकार म्हणूनही कोणी बोलावले नाही. कारण उघड आहे. कादंबरीतला नायक चुकला तर वाचक त्याच्यावर हळहळतो आणि सुटतो. प्रबोधनकारांच्या लेखात नायक नसतो. चुकलेला माणूस म्हणजे वाचक स्वतः. आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणाऱ्या गद्याला वाङ्मय म्हणायचे तर आधी पिंजऱ्यात उभे राहावे लागते. त्यापेक्षा ‘जहाल पत्रकार’ म्हणणे सोपे.

हीच गत पनवेलच्याच जिल्ह्याला महाडच्या चवदार तळ्याने जगाच्या इतिहासात नेणाऱ्या बाबासाहेबांच्या मराठीची. ‘मूकनायक’ १९२० चे, ‘बहिष्कृत भारत’ १९२७ चे. त्यातले अग्रलेख म्हणजे तर्क, उपरोध आणि संत-पुराणांतल्या दाखल्यांनी भरलेले कसदार गद्य. राज्यघटनेचे शिल्पकार म्हणून त्यांचा पुतळा गावोगाव आहे. मराठी गद्याचे शिल्पकार म्हणून त्यांचा अग्रलेख किती वर्गांत, वाक्यावाक्याने, शैलीसाठी शिकवला जातो? ‘ते राजकीय लेखन’ असे म्हणून आपण मोकळे होतो. जणू चिपळूणकरांची निबंधमाला राजकारणापासून सोवळ्यात होती!

पनवेलच्या नाट्यगृहाला आद्य क्रांतिवीर वासुदेव बळवंत फडके यांचे नाव आहे. फडके तालुक्यातल्याच शिरढोणचे, जन्म ४ नोव्हेंबर १८४५. १८७६-७७ च्या दुष्काळाने ते पेटून उठले, रामोशांना हाताशी धरून बंड केले, जुलै १८७९ मध्ये पकडले गेले आणि १७ फेब्रुवारी १८८३ रोजी एडनच्या कैदेत त्यांनी प्राण सोडला. हे सगळे शाळेतल्या पोरालाही ठाऊक असते. या माणसाने रोजनिशी लिहिली होती, स्वतःचे आत्मवृत्त लिहिले होते, हे किती जणांना ठाऊक आहे? ती लिखाणे सरकारच्या हाती पडली आणि पुण्याच्या खटल्यात त्यांच्याचविरुद्ध पुरावा म्हणून उभी राहिली.

मराठी आत्मचरित्राचा विषय निघाला की बाबा पदमनजींच्या ‘अरुणोदया’चे नाव घेतले जाते, आणि ते घ्यायलाच हवे. फडक्यांचे आत्मवृत्त त्याच्या निदान पाच वर्षे आधीचे. उपासमारीने मरणारी रयत पाहून सरकारी नोकरीतला एक कारकून बंडखोर कसा होतो, याचे ते त्याच्याच हातचे निवेदन. पण त्यावर ‘पुरावा’ अशी चिठ्ठी इंग्रजांनी लावली, ती काढून आपण ‘इतिहासाचे साधन’ अशी दुसरी लावली, आणि साहित्याने त्याकडे मान वळवून पाहिले नाही. शरम वाटावी अशी गोष्ट ही की त्या लिखाणाचा सर्वांत काळजीपूर्वक वाचक सरकार पक्ष ठरला. शब्द माणसाला काय करायला लावू शकतो, हे परक्या सरकारला कळले. आपण नाट्यगृहाला नाव देऊन कर्तव्य उरकले.

आता पनवेल-उरणच्या आगरी गावांत या. हळदीला आणि लग्नाला धवला गायला जातो. गाणारी ती धवलारीण. एकेकाळी या गावांत लग्नाचे विधी तिच्या गाण्याच्या आधाराने चालत. देवांना बोलावणे, घाणा भरणे, हळद, वरात, एकेका टप्प्याला तिचे शब्द. शेकडो ओळी मुखोद्गत असलेली, प्रसंग पाहून त्यात भर घालणारी, घराण्याची नावे गुंफणारी ही बाई कवयित्री नाही तर कोण आहे? पण ती आपल्या लेखी ‘लोकसाहित्याची माहिती देणारी’. तिचे गाणे संग्रहात छापले जाते तेव्हा वर संपादकाचे नाव ठळक अक्षरांत असते आणि तिचे असलेच तर तळटीपेत.

आणि मराठी साहित्याच्या इतिहासाचे पहिले प्रकरण काय सांगते? आद्य मराठी कवयित्री महदंबा. तेराव्या शतकातली महानुभाव पंथाची ही साधिका रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या सहवासात धवळे रचते. विषय कृष्ण-रुक्मिणीचे लग्न. म्हणजे लग्नात बाईने गायचे गाणे सात-आठ शतकांच्या अंतरावर गेले, पोथीत उतरले, की ते काव्य. आणि तेच आज तालुक्यातल्या मांडवात जिवंत कंठातून आले की ते संस्कृतीचा नमुना. मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात भाषेचा दर्जा मिळाला तेव्हा पेढे वाटले. रिद्धपूरला मराठी भाषेचे विद्यापीठही उभे राहिले. अभिजात म्हणजे मेलेल्यांचे, असा आपला समज असेल तर हे पेढे तेराव्याचे होते.

ग्रंथालयांनी ही वाटणी आकड्यांत बांधून दिली आहे. ड्युईच्या दशमान वर्गीकरणात मराठी साहित्याचा क्रमांक ८९१.४६. त्यापुढे १ लागला की काव्य, २ लागला की नाटक, ३ लागला की कथा-कादंबरी, ४ लागला की निबंध. लोकवाङ्मय मात्र ३९८ मध्ये, म्हणजे साहित्यापासून जवळजवळ पाचशे आकडे दूर, चालीरीती आणि लग्नविधींच्या शेजारी. महदंबा काव्याच्या कपाटात, धवलारीण रूढींच्या कपाटात. पुस्तक सापडावे म्हणून आकडा लागतो, हे मान्य. ग्रंथपालाला दोष देण्यात अर्थ नाही. पण त्या आकड्यावरून लायकी ठरवणारे आपण. लोकवाङ्मयाच्या कपाटाची काच कधी पुसली गेली होती, हे आपल्या गावच्या वाचनालयात जाऊन पाहा.

ही वाटणी नैसर्गिक नव्हती, ती करण्यात आली, याचा दाखला १८५५ सालचा आहे. जोतीराव फुल्यांनी ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहून दक्षिणा प्राइझ कमिटीकडे दिले. कमिटीने ते नाकारले. ते छापील रूपात लोकांसमोर आले १९७९ मध्ये; एकशे चोवीस वर्षे मराठी नाटकाचा इतिहास त्या नाटकावाचून लिहिला, शिकवला आणि परीक्षेत विचारला गेला. त्याच १८५५ मध्ये फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या चौदा वर्षांच्या मातंग मुलीचा निबंध ‘ज्ञानोदया’त आला. देव आणि धर्म यांची तिने घेतलेली झडती आजही अंगावर येते. आपण त्याला ‘शाळकरी मुलीचा निबंध’ म्हणून कौतुकाच्या कोनाड्यात ठेवले. १८८२ मध्ये बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांनी ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिले. त्यावर असे तोंडसुख घेतले गेले की त्यांचे दुसरे पुस्तक आलेच नाही. स. गं. मालश्यांनी १९७५ मध्ये ते पुन्हा छापेपर्यंत मराठी निबंधाच्या परंपरेत ताराबाई नव्हत्या.

१८८५ मध्ये पुण्यात मराठी ग्रंथकारांची सभा भरली. रानड्यांचे निमंत्रण फुल्यांना गेले. फुल्यांनी पत्राने ते नाकारले. त्याचा आशय असा की, जे माणसाचे हक्क वागणुकीत खुशीने देत नाहीत, त्यांच्या सभांशी आणि पुस्तकांशी आमच्या सभांचा व पुस्तकांचा मेळ बसत नाही. ते पत्र जूनमध्ये ‘ज्ञानोदया’त छापले गेले. आज आपण ते पत्र संमेलनांच्या इतिहासातला एक रंजक किस्सा म्हणून सांगतो. वास्तविक तो मराठीतला पहिला मोठा समीक्षालेख आहे. पुस्तक कोणत्या प्रकारात मोडते यापेक्षा ते लिहिणारा शेजारच्या माणसाशी कसा वागतो, हा निकष फुल्यांनी पुढे ठेवला. त्या निकषापुढे आपले बहुतेक समीक्षाशास्त्र गप्प बसते. पण पत्राला समीक्षा कसे म्हणायचे? प्रकार निराळा ना!

कोणी म्हणेल, हा झाला एकोणिसाव्या शतकाचा हिशेब. आता तसे राहिले नाही. तर मग १९७८ कडे या. दया पवारांचे ‘बलुतं’ आले. पाठोपाठ १९८० मध्ये लक्ष्मण मान्यांचे ‘उपरा’, त्याला १९८१ चा साहित्य अकादमी पुरस्कार. १९८६ मध्ये फलटणच्या बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’. दुकान सांभाळत, घरच्यांपासून लपवून ठेवलेले लिखाण. महाराष्ट्र हादरला, असे आपण अभिमानाने सांगतो. पण वाचले कसे? ‘हे सगळे खरे घडले का?’ ही पहिली पृच्छा, ‘किती सोसले हो!’ हा दुसरा उद्गार, आणि तिथे वाचन संपले. या लेखकांनी काळ कसा मोडला, बोली आणि प्रमाण भाषा कशी एकमेकींवर आदळवली, ‘मी’ सांगता सांगता वस्ती कशी उभी केली, ही कारागिरी पाहायला फार थोडे थांबले.

१९६३ च्या ‘कोसला’तला पांडुरंग सांगवीकरही ‘मी’ म्हणूनच बोलतो. त्याच्या ‘मी’ला आपण कादंबरीचा नायक मानले, त्यात अस्तित्ववाद शोधला, त्याच्या भाषेवर प्रबंध लिहिले, ते योग्यच केले. पण वस्तीतून आलेल्या ‘मी’ला साक्षीदार मानले. साक्षीदाराची जबानी घेतात, त्याच्या शैलीवर चर्चा करत नाहीत. आणि विशेष हे की साक्ष एवढी मन लावून ऐकणाऱ्या या समाजाने खटला मात्र चालवला नाही. साक्ष नोंदवली, रुमालाने डोळे टिपले, पुरस्कार दिला, आणि आरोपी निवांत घरी गेला. आरोपी म्हणजे कोण, ते वेगळे सांगायला नको.

सरकारी दप्तरातही हाच न्याय. राज्य शासनाच्या वाङ्मय पुरस्कारांत काव्याला केशवसुतांचे नाव, कादंबरीला हरी नारायण आपट्यांचे. अण्णा भाऊ साठ्यांचे नावही आहे. कुठे? उपेक्षितांच्या साहित्याच्या गटाला. नाव देणाऱ्यांचा हेतू गौरवाचाच असणार, त्यात शंका नाही. पण अण्णा भाऊंनी तीसहून अधिक कादंबऱ्या लिहिल्या. १९५९ च्या ‘फकिरा’ला १९६१ मध्ये याच राज्याने पुरस्कार दिला. कथा लिहिल्या, लोकनाट्ये लिहिली, रशियाचे प्रवासवर्णन लिहिले. एवढा कादंबरीकार कादंबरीच्या दालनात नावाने उभा राहू शकत नाही, त्याला उपेक्षितांच्या दालनातच मान. वाटेगावात वेशीबाहेर जन्मलेल्या माणसाला साहित्यातही वेशीबाहेरचा वाडा दिला, आणि वर पाटी रंगवली सन्मानाची.

आता लिहिणाऱ्यांवर याचा काय परिणाम होतो ते पाहा, कारण वाचकाची खोड लेखकाच्या बोटांपर्यंत पोहोचतेच. तांड्यावरच्या, पाड्यावरच्या, वस्तीतल्या मुलाने विज्ञानकथा लिहून आणली तर संपादक विचारतो, तुझे आत्मकथन कुठे आहे? गावाकडच्या मुलीने शहरातल्या एकटेपणावर लिहिले तर तिला गावरान शब्द कमी पडले म्हणून सांगतात. रहस्यकथा लिहिणाऱ्याने माणसाच्या मनाचा तळ गाठला तरी तो ‘रंजन’ करणाराच. बाबुराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक पुस्तके लिहिली. चाळीतल्या आणि गिरणगावातल्या कितीतरी हातांना पुस्तक धरायची सवय लावली. त्या उपकाराची नोंद वाङ्मयाच्या इतिहासात दोन-चार ओळींपलीकडे जात नाही. चौकटीबाहेर लिहिले तर जागा नाही, म्हणून लेखक चौकटीच्या मापाने स्वतःला कापू लागतो. सवय झाली की कापलेले कळतही नाही.

पनवेलला अटल करंडकासारख्या एकांकिका स्पर्धेला राज्यभरातून पोरे येतात. तासाभरात जीव ओतून जातात. स्पर्धा भरवणाऱ्यांचे काम मोलाचेच आहे. प्रश्न प्रेक्षागृहाबाहेरच्या आपल्याला आहे. एकांकिका स्पर्धेत जन्मते आणि बक्षीस समारंभाला संपते, कारण तिकीट काढून एकांकिका पाहायची ही आपली पद्धत नाही. आपल्या लेखी ती नाटकाची उमेदवारी. मग लिहिणारा परीक्षकासाठी लिहितो; शेवटच्या पाच मिनिटांत धक्का ठेवतो, कारण धक्क्याला गुण मिळतात. विषय कितीही धगधगता असो, त्याला वेळेच्या आणि धक्क्याच्या मापात बसावे लागते. तीच गत दिवाळी अंकांतल्या कथेची, तीच कवितेची. आणि हे शिक्षण लवकर सुरू होते. अकरावीला नाटक, बारावीला कथा, अशी ‘साहित्यप्रकारां’ची स्वतंत्र ओळख पाठ्यपुस्तकात आहे. ती असण्यात गैर काही नाही. पण वैशिष्ट्ये लिहा, घटक सांगा, गुण मिळवा, यापलीकडे वर्ग जात नसेल, तर आपण वाचक घडवत नाही. जकात नाक्यावरचे कारकून घडवतो.

तर मग प्रकार नकोतच का? असे म्हणणारा मी नाही. अभंगाला अभंगाचे बंधन आहे म्हणून तो अभंग. गझलेला तिची शिस्त आहे म्हणून ती गझल. बांधणीचे ज्ञान नसलेला स्वातंत्र्याच्या नावाखाली ढिसाळपणाच करतो. पण बांधणी वेगळी आणि पायरी वेगळी. मराठीचा सर्वांत मोठा ग्रंथ याची साक्ष आहे. बाराव्या शतकातला ‘मानसोल्लास’ नोंदवतो की महाराष्ट्रात बायका कांडण करताना ओवी गातात. तीच मुसळाशी-जात्याशी जडलेली ओवी ज्ञानेश्वरांनी १२९० मध्ये गीतेच्या भाष्याला लावली. भाष्य हा पंडितांचा प्रकार, ओवी हा बायकांचा कष्टाचा. दोन्ही एकत्र आणणे हा त्या काळचा केवढा अधर्म! ओवीची बांधणी त्यांनी सांभाळली, तिची पायरी मोडून टाकली. सातशेहून अधिक वर्षे आपण त्या पोथीपुढे डोके टेकतो आणि तिने जे केले तेच कोणी आज केले की विचारतो, हे नेमके कशात मोडते?

वेगळ्या चुली मांडणाऱ्यांवरही बोट ठेवले जाते. दलित साहित्य संमेलन १९५८ मध्ये मुंबईत भरले, उद्घाटक अण्णा भाऊ. पुढे ग्रामीण, आदिवासी, मुस्लिम मराठी, विद्रोही अशी संमेलने उभी राहिली. ‘हेच लोक भिंती उभारतात,’ असे सांगणाऱ्यांनी क्रम ध्यानात घ्यावा. दार आधी बंद झाले, चूल नंतर मांडली. ज्याला घरात घेतले नाही त्याने अंगणात दिवा लावला, तर अंधाराचा दोष त्याला कसा? मात्र त्या मंडपांनाही एक इशारा द्यावासा वाटतो. हाती आलेला झेंडा उद्या नवी चौकट होऊ शकतो. ‘हे आमच्या साहित्यात बसत नाही’ हे वाक्य कोणत्याही मंडपात उच्चारले गेले की समजावे, दक्षिणा प्राइझ कमिटी तिथेही येऊन बसली.

पण मुख्य आरोपी मंडपवाले नाहीत, पुरस्कार समित्या नाहीत, प्राध्यापकही नाहीत. आरोपी वाचक आहे: सुशिक्षित, सुसंस्कृत, पुस्तक प्रदर्शनातून पिशवी भरून घरी जाणारा. त्याला प्रत्येक दुखण्यासाठी वेगळे कपाट हवे असते. चळवळीचे पुस्तक वाचून तो ‘विचार’ करतो, दलित आत्मकथन वाचून ‘संवेदनशील’ होतो, संतवाङ्मय वाचून ‘शांत’ होतो, आणि या तिन्हींची एकमेकांशी गाठ पडू देत नाही. चोखोबाचा अभंग आणि ‘बलुतं’ शेजारी शेजारी ठेवले तर त्याच्या देवघरातली शांतता भंगेल. प्रबोधनकार आणि ज्ञानेश्वरी एका आठवड्यात वाचली तर सत्यनारायणाच्या पूजेचे आमंत्रण देताना हात अडखळेल. म्हणून त्याला भिंती प्रिय. नवी मुंबईच्या विमानतळाच्या निमित्ताने ज्या आगरी गावांची घरे उठली, त्यांच्या जमिनीवरच्या इमारतीत राहून तो ‘लुप्त होत चाललेल्या लोकगीतां’वर हळहळतो. धवला लुप्त का होतो, हे विचारले तर उत्तर त्याच्याच सातबाऱ्यापर्यंत येते.

यावर उपाय कठीण नाहीत. कठीण आहे ती इच्छा. फडक्यांच्या नावाच्या नाट्यगृहात वर्षातून एकदा त्यांच्या आत्मवृत्ताचे जाहीर वाचन होऊ द्या, देशभक्तीची गाणी थोडी कमी लागली तरी चालेल. त्याच रंगमंचावर धवलारिणीला कवयित्री म्हणून बोलवा, छापील कार्यक्रमपत्रिकेवर तिचे पूर्ण नाव घाला, आणि निमंत्रित कवीला जे मानधन देता तेच तिला द्या. पनवेलच्या महाविद्यालयांनी प्रबोधनकारांचा एक लेख, बाबासाहेबांचा एक अग्रलेख आणि मुक्ता साळवेचा निबंध गद्यशैलीचे नमुने म्हणून वर्गात घ्यावेत. ‘यांचे विचार सांगा’ हा प्रश्न विचारू नये. ‘यांचे वाक्य असे का चालते आणि ते कोणाला लागते’ हा विचारावा. शासनाने कादंबरीचा एखादा पुरस्कार अण्णा भाऊंच्या नावाने द्यावा, आणि तो कोणाही जातीच्या कादंबरीकाराला मिळावा. ज्या दिवशी एखाद्या सदाशिव पेठी लेखकाला अण्णा भाऊंच्या नावाचा कादंबरी पुरस्कार स्वीकारताना अवघडल्यासारखे होणार नाही, त्या दिवशी म्हणू की काही बदलले.

राहिला वाचक. त्याच्यासाठी समिती नाही, ठराव नाही, अनुदान नाही. त्याने एवढेच करावे: पुस्तक कशात मोडते हा प्रश्न वाचून संपेपर्यंत तोंडातून काढू नये. आणि त्या पुस्तकाने त्याला काही विचारले असेल, त्याच्या घराबद्दल, जमिनीबद्दल, देवाबद्दल, मोलकरणीच्या वेगळ्या कपाबद्दल, तर आधी त्याचे उत्तर द्यावे. कपाट त्यानंतर शोधावे.